कान्होबा देव, किसन माणूस

श्रावण वद्य अष्टमी जवळ आली की भंडारा जिल्ह्यात गावोगावच्या बाजारात कुंभार मातीच्या मूर्ती मांडून बसतात. निळा रंग, हातात बासरी, डोक्यावर मोरपीस. मूर्ती घ्यायला आलेला माणूस कृष्णाची मूर्ती मागत नाही. तो विचारतो, "कान्होबा कसा दिला?" मग कान्होबा घरी येतो, पाटावर बसतो, त्याच्या डोक्यावर फुलोरा टांगतात, रात्री भजन होते आणि दुसऱ्या दिवशी काला झाला की त्याला तळ्यात, नाल्यात किंवा वैनगंगेत शिरवतात.

ज्या घरात तो रात्रभर बसला, त्याच घरातल्या म्हाताऱ्याचे नाव बहुधा किसन असते. त्याच्या मुलाने शाळेत नाव घातलेला नातू कृष्णा असतो. अलीकडे पाळण्यात घातलेले पणतू क्रिश होऊ लागले आहेत. देवाला कोणी किसन म्हणून पाटावर बसवत नाही आणि म्हाताऱ्याला कोणी कान्होबा म्हणून हाक मारत नाही. एका छपराखाली एकाच शब्दाची चार रूपे राहतात आणि प्रत्येकाला आपली जागा ठाऊक असते.

या प्रकरणात मला यांतल्या किसनची बाजू घ्यायची आहे. शिकलेल्या माणसांचा एक पक्का समज आहे: खरे नाव कृष्ण, अडाणी जिभेने त्याचा किसन केला. मास्तरांनी हजेरीपटावर किसन खोडून कृष्णा लिहिले ते याच समजातून, आणि नातवंडे लग्नपत्रिकेत आजोबांचे नाव 'सुधारून' छापतात तेही याच समजातून. हा समज चुकीचा आहे. का, ते सांगायला थोडे मागे जावे लागेल.

'कृष्ण' हे आधी नाव नव्हते, विशेषण होते. अर्थ काळा, सावळा. कृष्णपक्ष, कृष्णमृग, कृष्णविवर या शब्दांत तो अर्थ आजही जिवंत आहे. माणसाच्या नावात तो फार लवकर शिरला. ऋग्वेदाच्या आठव्या मंडलातले एक सूक्त कृष्ण आंगिरस नावाच्या ऋषीचे मानतात. छांदोग्य उपनिषदात देवकीपुत्र कृष्ण भेटतो, घोर आंगिरसाकडून शिकणारा. महाभारत रचणारे व्यास हे कृष्ण द्वैपायन. अर्जुनाच्या नावांतही कृष्ण आहे आणि द्रौपदी तर कृष्णाच. म्हणजे गोकुळातला कृष्ण या नावाचा एकुलता धनी कधीच नव्हता. सावळ्या रंगाच्या कोणालाही ते शोभत होते.

शब्दाचे भाऊबंद भारताबाहेरही आहेत. बाल्टिक समुद्राच्या काठी पूर्वी प्रुशियन नावाची भाषा बोलत. ती आता नामशेष झाली, पण तिच्या उरलेल्या शब्दसंग्रहात काळ्याला 'किर्स्नन' म्हटले आहे. रशियनमधला 'चोर्नी', म्हणजे काळा, त्याच कुळातला. हा शब्द आपल्याकडून तिकडे गेला नाही आणि तिकडून इकडे आला नाही. दोन्हीकडे तो एकाच आजोळातून आला आहे.

अर्थाचा जुळा मात्र आयर्लंडमध्ये सापडतो. तिथल्या गेलिक भाषेत 'किअर' म्हणजे काळा, गडद. त्यापासून लाडाचा प्रत्यय लागून 'किअरान' हे पुरुषाचे नाव झाले: लहानगा काळा, आपल्या भाषेत 'काळू'. या नावाचा एक संत सहाव्या शतकात होऊन गेला. शॅनन नदीच्या काठी क्लॉनमॅकनॉइस येथे त्याने स्थापलेला मठ पुढे विद्येचे मोठे केंद्र झाला. आयरिश भाषेच्या परंपरागत वर्णमालेत अठराच अक्षरे. इंग्रजीतले 'के' त्यांत नाही, म्हणून आयरिश माणूस हे नाव 'सी' अक्षराने लिहितो. इंग्रजी कारकुनांनी ते 'के'ने लिहिले, 'आन'मधल्या स्वरावरची लांबपणाची खूण गाळली, आणि एका किअरानचे कीरन, कीएरन असे अनेक अवतार झाले. हे आठवणीत ठेवा. वर्णमालेत एखादे अक्षर नसले की नाव कसे वळते, हा प्रकार आपल्याला पुढे झाडीपट्टीत दिसणार आहे.

आता कृष्णाचा कान्हा कसा झाला ते पाहू. संस्कृतातला 'ऋ' प्राकृतात टिकला नाही. त्याच्या जागी कुठे अ, कुठे इ, कुठे उ आला. मृत्तिकेची माती झाली, वृश्चिकाचा विंचू झाला, पृच्छेतून पुसणे आले. 'ष्ण' या जोडाक्षराचे प्राकृतात 'ण्ह' झाले. उष्णाचे उण्ह, आणि त्यातून आपले ऊन. उष्णकाळाचा उन्हाळा. तृष्णेची तण्हा, तिची तहान. त्याच न्यायाने कृष्णाचा कण्ह, आणि कण्हाचा कान्हा. भर मे महिन्यात तुमसरच्या बसस्थानकावर कोणी म्हणतो, "उन्हाची तहान लागली", तेव्हा तो नकळत कान्ह्याला घडवणारा नियम दोनदा पाळत असतो.

हा कण्ह पुस्तकी नाही, दगडावरचा आहे. नाशिकच्या पांडवलेण्यांतल्या एका लहान लेण्यात ब्राह्मी लिपीतला लेख आहे. ते लेणे सातवाहन कुळातला कण्ह राजा असताना कोरले, असे तो सांगतो. पुराणांनी त्याच राजाला कृष्ण म्हटले. राजाच्या स्वतःच्या काळात त्याचे अधिकृत, दगडावर कोरण्याइतके अधिकृत नाव कण्ह होते. मुंबईजवळची कान्हेरी लेणी आपल्या शिलालेखांत 'कण्हसेल' म्हणवून घेतात, म्हणजे काळा डोंगर. संस्कृतातले कृष्णगिरी हे नाव नंतरचे. दोन्ही उदाहरणांत लोकांचे रूप आधी लिहिले गेले आणि 'शुद्ध' रूप मागून आले.

पुढे राष्ट्रकूटांच्या घराण्यात तीन कृष्ण झाले. पहिल्याने वेरूळचे कैलास लेणे खोदवले. तिसऱ्याचा संबंध विदर्भाशी जास्त जवळचा, कारण त्याचा शके 862 चा, म्हणजे इ.स. 940 चा ताम्रपट वर्धा जिल्ह्यातल्या देवळीला सापडला आणि त्यात नागपूर-नंदिवर्धन या प्रदेशातले गाव दान दिल्याची नोंद आहे. ताम्रपटाच्या संस्कृतात तो कृष्णराज. त्याच्याच दक्षिणेतल्या लेखांत तो कन्नर. एकच राजा, दोन भाषांत दोन नावे, आणि दोन्ही राजमुद्रेच्या तोलाची. यादवांच्या देवगिरीला 1246 च्या सुमारास जो राजा गादीवर बसला त्यालाही संस्कृत लेख कृष्ण म्हणतात आणि मराठी 'लीळाचरित्र' कान्हरदेव म्हणते.

'लीळाचरित्रा'पाशी थांबलेच पाहिजे, कारण इथे भंडारा थेट कथेत येतो. रतनपूरच्या जाजल्लदेवाच्या 1114 च्या शिलालेखात ज्याला भाणार म्हटले आहे, तेच हे गाव. चक्रधरस्वामी फिरत फिरत इथे आले आणि इथला नीळभट्ट त्यांच्यामागे निघाला. महानुभाव पंथाने त्याला कायमचे गावाच्या नावाने ओळखले: नीळभट्ट भांडारेकार. नीळ म्हणजेही गडद निळा, सावळा. सावळ्या रंगाचे नाव धारण करणारा भंडाऱ्याचा माणूस ज्या पंथात गेला, त्या पंथाने पुढे पाच कृष्ण मानले: द्वारकेचा श्रीकृष्ण, दत्तात्रेय, चक्रपाणी, गोविंदप्रभू आणि स्वतः चक्रधर. या पंचकृष्णांत कृष्ण हे एका देवाचे नाव उरत नाही, अवताराची पदवी होते. विदर्भात महानुभावांची मुळे खोल आहेत आणि त्या घरांत हे नाव ठेवण्यामागची भावना गोकुळाष्टमीच्या भावनेपेक्षा निराळी असते, हे बाहेरच्यांच्या सहसा लक्षात येत नाही.

नाथ-सिद्धांच्या वाटेनेही कण्ह आला. बौद्ध सिद्धांमध्ये कृष्णपाद किंवा कान्हपा नावाचा एक मोठा सिद्ध होऊन गेला. त्याची पदे जुन्या चर्यागीतांत आहेत. नवनाथांतले आपले कानिफनाथ म्हणजे हाच कान्हपा, असे अनेक अभ्यासक मानतात. मढीला जत्रेला जाणाऱ्या भक्ताला कानिफा आणि कान्होबा हे शब्द एका गोत्राचे असल्याचे कोणी सांगितलेले नसते.

मराठ्यांच्या काळात कान्होजी हे रुबाबदार नाव होते. समुद्रावर कान्होजी आंग्रे, मावळात कान्होजी जेधे, आणि आपल्याकडे कान्होजी भोसले. परसोजीचा हा मुलगा यवतमाळ जिल्ह्यातल्या भाम येथून वऱ्हाडचा कारभार पाहत असे. त्याच्याच पुतण्याने, पहिल्या रघुजीने, त्याला बाजूला सारून नागपूरचे राज्य उभे केले आणि वैनगंगेचे खोरे त्या राज्यात आले. 'जी' लागला तरी आत कण्ह तसाच होता. मंगळवेढ्याची संत कान्होपात्रा हे त्याचे बायकांकडचे रूप.

मग किसन कुठून आला? तो कण्हाचा मुलगा नाही. त्याची वाट वेगळी.

जोडाक्षर उच्चारायला जड वाटले की बोलणारा मध्ये एक स्वर घालतो. व्याकरणकार याला स्वरभक्ती म्हणतात. रत्नाचे रतन, भक्ताचा भगत, जन्माचा जनम, धर्माचा धरम. कृष्णाचा किसन असाच झाला. ही आळशी जिभेची खोड असेल तर ती फार जुन्या आणि फार थोरांच्या जिभेची आहे. बाराव्या शतकात हेमचंद्राने प्राकृताचे व्याकरण लिहिले. त्यात कृष्ण या शब्दावर स्वतंत्र सूत्र आहे. काळा रंग असा अर्थ असेल तर कसण, कसिण आणि कण्ह ही तिन्ही रूपे चालतात. देवाचे नाव असेल तर कण्हच. म्हणजे रंगाला एक वाट, देवाला दुसरी. हे वाचले तेव्हा मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिलो. भंडाऱ्याच्या घरात जी वाटणी आहे, देव कान्होबा आणि माणूस किसन, तिच्याशी मिळतीजुळती वाटणी नऊशे वर्षांपूर्वीच्या व्याकरणात होती. एकातून दुसरी निघाली असे मी म्हणत नाही. पण भाषा दोन रूपे सांभाळते तेव्हा ती त्यांना दोन कामे देते, हे दोन्ही ठिकाणी दिसते.

किसनमधली पहिली वेलांटी नीट पाहिली तर आणखी एक गोष्ट कळते. आज मराठी माणूस कृष्ण हा शब्द क्रुष्ण असा उच्चारतो. अमृत त्याच्या तोंडी अम्रुत असते आणि कृपा क्रुपा. किसन हा आजच्या मराठी उच्चाराचा अपभ्रंश असता तर त्याचे रूप कुरुसन किंवा कुसन झाले असते. ते झाले नाही. किसनमध्ये 'इ' आहे, म्हणजे 'ऋ'चा उच्चार 'रि'सारखा करणाऱ्या परंपरेतून तो आला. उत्तरेकडे आजही क्रिष्ण म्हणतात आणि किशन, किसन ही रूपे राजस्थान-माळव्यापासून छत्तीसगडपर्यंत पसरली आहेत. भंडारा त्या पट्ट्याच्या दक्षिण काठावर आहे. शाळेतल्या ज्या क्रुष्णाला आपण मूळ समजतो, त्याच्यापासून किसन निघूच शकत नाही. जो बाप नाही त्याची चूक मुलाच्या माथी मारली जाते.

आता झाडीपट्टी. वैनगंगेच्या दोन्ही तीरांवर, भंडारा-गोंदियापासून खाली चंद्रपूर-गडचिरोलीपर्यंत बोलली जाते ती झाडीबोली. साकोलीच्या डॉ. हरिश्चंद्र बोरकरांनी आयुष्यभर तिचा अभ्यास केला आणि तिला स्वतःचा मान मिळवून दिला. या बोलीत ण नाही, ळ नाही, श आणि ष नाहीत. पाणी इथे पानी, शेत सेत, डोळा डोरा, काळा कारा. आता कृष्ण हा शब्द या वर्णमालेपुढे ठेवा. ऋ नाही, ष नाही, ण नाही. शब्दातला क तेवढा जसाच्या तसा उचलता येतो. आणि किसन? क, स, न. तिन्ही वर्ण झाडीचे स्वतःचे. नाव बाहेरून आले खरे, पण या बोलीला ते इतके चपखल बसले की जणू इथेच घडले. आयर्लंडच्या किअरानला 'के' नव्हता, आपल्या किसनला 'ष्ण' नाही. त्या किअरानला कोणी अशुद्ध म्हणत नाही.

कन्हार हा शब्दही इथल्या कानांना ओळखीचा. भंडाऱ्याचा धानकरी जमिनीचे प्रकार सांगताना कन्हार, मोरांड, खर्डी, सिहार, बर्डी अशी नावे घेतो. कन्हार म्हणजे काळी, भारी, चिकट जमीन. कण्ह आणि कन्हार ऐकून कोणाच्याही मनात धागा जुळतो. पण नुसत्या आवाजावर नाते ठरवायचे नसते, आणि याच कारणासाठी दुसरा एक लोकप्रिय समजही बाजूला ठेवावा लागतो. किसन म्हणजे किसान, शेतकरी, असे पुष्कळ जण सांगतात. किसान हा शब्द कृषाण या संस्कृत शब्दातून, नांगरणे या अर्थाच्या कृष् धातूतून आला. किसन आला रंगातून. गंमत अशी की जुन्या ग्रंथकारांनाही हा मोह झाला होता. महाभारताच्या उद्योगपर्वातच कृष्ण नावाची फोड कृष् आणि ण अशी करून तिला तत्त्वज्ञानाचा अर्थ दिला आहे. भक्तीसाठी ती फोड सुंदर आहे. शब्दाच्या इतिहासासाठी 'काळा' पुरे. तरीही, धानाच्या बांधीत गुडघाभर चिखलात रोवणीला उभ्या असलेल्या किसनला कोणी किसान समजले तर त्याने राग मानायचे कारण नाही.

शेजारच्या भाषांत हेच नाव फिरत गेले. गुजरातेत ते करसन झाले. समाजसुधारक करसनदास मुळजी यांचे नाव तेच. तिथेच कानजीही आहे, म्हणजे दोन्ही वाटा गुजरातेतही शेजारी शेजारी चालतात. बंगालात कानाई आणि केष्टो. ओडिशात मराठीसारखाच 'रु' उच्चारून क्रुष्ण. तेलंगणात किष्टय्या. तामिळात कण्णन. संथाळांच्या 1855 च्या उठावाचे नेते सिदो आणि कान्हू, त्यांतल्या कान्हूतही हा कण्ह ऐकू येतो. ही यादी लांबवता येईल, पण मला वैनगंगेवर परत यायचे आहे.

कारण नाव बदलते ते नुसत्या जिभेवर नाही, कागदावरही. भंडारा 1956 पर्यंत आधी मध्य प्रांतात आणि मग मध्य प्रदेशात होता. कारभार हिंदी आणि मराठी दोन्हींत चाले. कारकून हिंदी असला तर नाव किशन, मराठी असला तर किसन, शाळेत गेले तर कृष्णा, आणि वकिलाने दस्त लिहिला तर कृष्णाजी. मोडीत लिहिलेल्या जुन्या कागदांवर ऱ्हस्व-दीर्घाचा भेदच नसतो, त्यामुळे तिथे वेलांटी पहिली की दुसरी हा प्रश्न उठत नाही. कोतवाल पंजीत जन्माची नोंद होई ती कोतवालाच्या कानाला जसे ऐकू आले तशी. पुढे 1956 मध्ये जिल्हा द्विभाषिक मुंबई राज्यात आला, 1960 ला महाराष्ट्रात, 1999 ला त्यातून गोंदिया वेगळा झाला. प्रत्येक वळणावर नवे रजिस्टर, नवा हात. शेवटी इंग्रजी अक्षरे आली आणि त्या अक्षरांतून देवनागरीत परत येताना कृष्णचा कृष्णा हा कायमचा ठरला. मराठीत 'कृष्णा' ही हाक आहे, संबोधन आहे. ती नदी आहे, द्रौपदीही आहे. पुरुषाचे मूळ नाव म्हणून शेवटचा काना इतका घट्ट बसला, त्यात इंग्रजी स्पेलिंगचा हात मोठा आहे. गंमत पाहा, जो काना आपण शुद्धतेची खूण समजतो तो निम्मा हाकेतला आणि निम्मा परक्या लिपीतला.

याची किंमत माणसे मोजतात. सातबाऱ्यावर किसन, शाळेच्या दाखल्यावर कृष्णा, आधार कार्डावर किशन. म्हातारा गेला की वारसान फेरफारासाठी मुलांना प्रतिज्ञापत्र करावे लागते की ही तिन्ही नावे एकाच इसमाची आहेत. त्या कागदावर मधोमध 'ऊर्फ' हा शब्द येतो. किसन ऊर्फ कृष्णा. ऊर्फ म्हटले की पोलीस ठाण्याची आठवण होते आणि म्हाताऱ्याची पोरे जरा ओशाळतात. त्यांनी ओशाळू नये. सातवाहन कण्ह ऊर्फ कृष्ण होता, राष्ट्रकूट कृष्ण ऊर्फ कन्नर होता, यादव कृष्ण ऊर्फ कान्हर होता.

किसन नावाची माणसे या भागात मान खाली घालून जगली नाहीत. नागपूरजवळच्या मोहपा गावी 1879 मध्ये जन्मलेले किसन फागुजी बनसोड हे कवी, पत्रकार आणि अस्पृश्यांच्या चळवळीचे विदर्भातले पहिल्या फळीतले नेते. त्यांनी मुलींसाठी शाळा काढली, छापखाना चालवला, पत्रे काढली. लिहिता असलेला हा माणूस किसन याच नावाने ओळखला गेला. वडिलांचे नाव फागुजी, त्यात फाल्गुन महिना आहे. या भागात महिन्यावरून, वारावरून नाव ठेवण्याची रीत होती आणि बनसोडांच्या नावात बाप फाल्गुनाचा, मुलगा रंगाचा असे दोन्ही प्रकार एकत्र आले. 1956 च्या धर्मांतरानंतर अशा घरांतल्या पाळण्यांत सिद्धार्थ, मिलिंद, राहुल आले. किसन तिथे आजोबांपाशी थांबला. पश्चिमेकडे साताऱ्याचे स्वातंत्र्यसैनिक किसन वीर, आणि अण्णा म्हणून देशाला माहीत असलेले किसन बाबुराव हजारे, हेही याच नावाचे.

आता हे नाव नवजात मुलांना फारसे कोणी ठेवत नाही. 2006 च्या एका हिंदी चित्रपटाने क्रिश हे रूप घरोघर नेले. मला त्या रूपाचा राग नाही. स्वरभक्ती सोडून जोडाक्षर ठेवणे आणि शेवटचा 'णा' गाळणे, हाही एक बदलच आहे. फक्त एक अडचण आहे. क्रिशला झाडीत हाक मारता येत नाही. हाकेला शेवटी लांब स्वर हवा, बांधाच्या या टोकावरून त्या टोकाला पोचेल असा. किसनला तो मिळतो. हाक मारताना 'न'पुढे आकार लागतो आणि आधी 'गा' येतो, झाडीत पुरुषाला जवळिकीने लावतात तो. रोवणीच्या दिवसांत साकोलीच्या वाटेवर एखाद्या बांधीजवळ थांबलात तर अजूनही ऐकू येते: "काहून गा किसनाऽऽ, घरी नाही येत का?"